युआन मुझी

युआन मुझी (१९०९–१९७८) : चिनी नट, पटकथालेखक, दिग्दर्शक आणि १९४९ नंतर सरकारी चित्रपट विभागाचे पहिले प्रमुख. दिग्दर्शक म्हणून त्यांच्या नावावर कथाचित्रपट दोनच आहेत. तरीही बोलपटात आवाजाचे काय करायचे, हे चिनी सिनेमाला उमगले त्यात त्यांचा वाटा फार मोठा आहे.

जन्म निंगबो येथे. शांघायच्या रंगभूमीवर चेखॉव्हचा वान्यामामा रंगवणारा हा नट रंगभूषेत इतका तरबेज होता, की ‘हजार चेहऱ्यांचा माणूस’ हे नाव त्याला चिकटले. १९३४ मध्ये ते दियानथोंग या छोट्या कंपनीत दाखल झाले. ध्वनिमुद्रणाचे देशी यंत्र तयार करणाऱ्या तंत्रज्ञांच्या आधारावर ही कंपनी उभी राहिली होती. तिच्या पहिल्याच बोलपटात, ‘ताओ ली ज्ये’मध्ये, त्यांनी प्रामाणिकपणापायी नोकऱ्या गमावत शेवटी फाशीच्या शिक्षेपर्यंत पोहोचणारा पदवीधर उभा केला, नायिका होत्या चेन बोअर. पुढच्याच वर्षी ‘फंगयुन अर्न्यू’मध्ये ते कवीच्या भूमिकेत दिसले. त्यातले न्ये अर यांनी स्वरबद्ध केलेले ‘स्वयंसेवकांचे कूच’ हे गीत आज चीनचे राष्ट्रगीत आहे आणि चित्रपटासाठी ते गाणाऱ्यांत युआन स्वतः होते.

१९३५ मध्येच त्यांनी ‘तुशी फंगग्वांग’ (शहराची दृश्ये) दिग्दर्शित केला. चीनची पहिली संगीतप्रधान विनोदिका म्हणून तो ओळखला जातो.

पण त्यांचे खरे मोठेपण कळते ते ‘मालू त्यानश’ (रस्त्यावरचा देवदूत, १९३७) पाहताना. बँडमध्ये कर्णा वाजवणारा तरुण (झाओ दान) आणि जपानने बळकावलेल्या मंचुरियातून (ईशान्य चीन) परागंदा झालेली, चहाच्या दुकानात गाणारी मुलगी (झोउ श्वान) यांची ही कथा. दोघांच्या खिडक्या गल्लीच्या दोन बाजूंना समोरासमोर. तो वाद्य छेडतो, ती गाते आणि प्रेम तिथेच जमते. हेच गाणे पुढे रागावलेला, प्यायलेला नायक तिला भर दुकानात गायला लावतो. चाल तीच, शब्द तेच, पण ऐकताना घशात आवंढा येतो. दुसऱ्या एका गाण्यात ओळींवरून उड्या मारणारा चेंडू प्रेक्षकांना सोबत गायला बोलावतो आणि त्याच वेळी पडद्यावर युद्धाने उद्ध्वस्त झालेल्या मुलखाची दृश्ये सरकतात. सेन्सॉरच्या नजरेखाली जपानी आक्रमणावर उघड बोलणे अवघड होते. ते काम इथे गाण्याने केले. मित्रमंडळी मदतीसाठी उंच इमारतीतल्या वकिलाकडे जातात तो प्रसंग हसवतो, आणि वकिलाची फी ऐकून ते परततात तेव्हा शहराची उतरंडही दिसून जाते. गरिबांची कणव आणि गल्लीतली मस्करी इतकी एकजीव झालेला चित्रपट त्या काळात विरळाच.

चित्रपट लागला त्याच सुमारास चीन-जपान युद्ध पेटले. १९३८ मध्ये युआन कम्युनिस्टांचे ठाणे असलेल्या येनानला गेले आणि छायालेखक वू यिनश्यान यांच्यासह तिथे चित्रपट पथक उभारले. डच माहितीपटकार योरिस इव्हेन्स यांनी भेट दिलेला छोटा कॅमेरा हे पथकाचे मोठे भांडवल होते. सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९३९ मध्ये येनानला पोहोचले, तो हाच काळ. कम्युनिस्टांच्या ‘आठव्या मार्ग सेने’वरील माहितीपटाचे उरलेले संस्कार करण्यासाठी युआन १९४० मध्ये संगीतकार श्यान शिंगहाई यांच्यासह सोव्हिएत संघात गेले. तिथे जर्मन आक्रमणाच्या धामधुमीत चित्रफीत गहाळ झाली. चिनी माहितीपटाच्या इतिहासातली ही हानी भरून निघणारी नाही.

१९४६ मध्ये परतल्यावर त्यांच्याकडे ईशान्य चित्रपट स्टुडिओची धुरा आली. जपानी अमलातल्या मंचुरियन कंपनीची यंत्रे तिथे होती आणि मागे राहिलेले काही जपानी तंत्रज्ञही चिनी सहकाऱ्यांबरोबर काम करत. चेन बोअर यांच्याशी त्यांचा विवाह याच काळात झाला; १९५१ मध्ये त्या वारल्या. आजारपणामुळे युआन यांनाही काही वर्षांतच सरकारी चित्रपट विभागाचे प्रमुखपद सोडावे लागले. तिसरा कथाचित्रपट त्यांच्या हातून झाला नाही.