कर्जाचा विमा आणि घराचा विमा: बँकेच्या फाइलमधले दोन वेगळे कागद

बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर, निपाणी, चिकोडी, हुक्केरी, कुठल्याही तालुक्यात जा, कर्ज काढून बांधलेलं नवं घर दिसतंच. घराचा विमा उतरवलाय का, असं विचारलं की पुष्कळदा उत्तर येतं, ‘हो, कर्ज घेताना बँकेनंच काढलाय की.’ फाइल उघडून तो कागद नीट वाचला, तर अनेकदा तो घराचा विमा नसतोच. तो कर्जदाराच्या जिवाचा विमा असतो. घराला संरक्षण आहे या समजुतीवर कुटुंब वर्षानुवर्षं निर्धास्त राहतं आणि पाणी घरात शिरल्यावर खरं काय ते कळतं. म्हणून हे दोन कागद शेजारी ठेवून बघायला हवेत.

कर्जाचा विमा माणसावर असतो. कर्जदाराचा मृत्यू झाला, तर विम्याच्या तक्त्यात त्या महिन्यापुढे जी रक्कम लिहिली असेल ती कंपनी देते आणि त्यातून बँकेचं कर्ज फिटतं. उताऱ्यावरचा बोजा उतरतो, घर बायकोमुलांकडे राहतं. काही योजनांत गंभीर आजार किंवा अपघातानं आलेलं अपंगत्वही जोडलेलं असतं. पण कर्जदार धडधाकट आहे आणि वेदगंगेच्या पाण्यानं घराची मागची बाजू खचली, तर या विम्यातून एक रुपया मिळत नाही. राहायला घर नाही, तरी कर्जाचा हप्ता दर महिन्याला जातच राहतो.

घराचा विमा वास्तूवर आणि तिच्यातल्या सामानावर असतो. विमा नियामक प्राधिकरणानं १ एप्रिल २०२१ पासून ‘भारत गृह रक्षा’ नावाची एकसारख्या मसुद्याची पॉलिसी आणली. आगीचा विमा विकणाऱ्या प्रत्येक सर्वसाधारण विमा कंपनीला, म्हणजे जीवन विमा सोडून बाकीचे विमे विकणाऱ्या कंपनीला, ती ठेवावीच लागते. कंपनी कुठलीही असो, मूळ अटी त्याच, त्यामुळे वाचणाऱ्याचं काम सोपं झालं आहे. आग, स्फोट, वीज पडणं, भूकंप, वादळ, पूर, पाणी तुंबून घर बुडणं, दरड कोसळणं, घराखालची जमीन खचणं, दंगल, वाहन किंवा झाड आदळणं, पाण्याची टाकी वा पाइप फुटणं, ही कारणं तिच्यात येतात.

हातातला कागद कोणता, हे ओळखायला आधी कंपनीचं नाव बघा. जीवन विमा कंपनीला घराचा विमा विकताच येत नाही. तेव्हा कागदावर जीवन विमा कंपनीचं नाव असेल, तर तो माणसाचाच. मात्र उलटं धरून चालू नका. सर्वसाधारण विमा कंपन्याही अपघात, गंभीर आजार, नोकरी जाणं असं एकत्र बांधून ‘कर्ज संरक्षण’ विकतात. म्हणून विमा कशाचा उतरवला आहे ती ओळ शोधा. तिथे माणसाचं नाव आणि वय आहे की घराचा पत्ता आणि चटईक्षेत्र आहे, एवढ्यावरून उलगडा होतो.

आपल्या भागात खरा प्रश्न पाण्याचा आहे. ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णा, घटप्रभा, मलप्रभा, मार्कंडेय, हिरण्यकेशी, दूधगंगा या सगळ्या नद्यांनी जिल्ह्यात काय केलं ते वेगळं सांगायला नको. त्या वेळी राज्य सरकारनं पूर्ण पडलेल्या घरांसाठी ५ लाख रुपये जाहीर केले होते. पण ती मदत सरकारच्या निर्णयावर आणि पंचनाम्यात घर कुठल्या वर्गात बसलं यावर ठरते. विम्यात तुम्ही हप्ता भरून करार केलेला असतो, आणि करारात लिहिलेलं मागण्याचा हक्क असतो. मदतीसाठी पंचनामा झाला असेल तर त्याची प्रत जपून ठेवा, विम्याच्या दाव्यालाही ती उपयोगी पडते.

पूर विम्यात आहे, म्हणजे पावसानं झालेलं सगळं नुकसान आलं, असं नाही. आपल्याकडे जास्तीत जास्त वाद होऊ शकेल तो इथेच, म्हणून जरा थांबून सांगतो. बळ्ळारी नाल्याचं पाणी चढून घरात कमरेएवढं भरलं आणि भिंत बसली, तर कारण स्पष्ट आहे. पण जांबोटी-कणकुंबीच्या बाजूला आठवडाच्या आठवडा संततधार लागते. तिथलं जुनं मातीच्या भिंतींचं घर ओल धरतं, भिंत फुगते आणि अंगणात पाणी साचलेलं नसतानाही एका रात्री कोसळते. अशा वेळी नुकसान तपासायला आलेला विम्याचा सर्व्हेअर विचारणार की ही भिंत पुरानं पडली, वादळानं पडली, की वर्षानुवर्षांच्या गळतीनं? हळूहळू मुरलेली ओल, झीज, निकृष्ट बांधकाम, नव्या बांधकामाचं नेहमीचं बसणं आणि त्याच्या भेगा, नदीनं काठ कातरत नेणं, हे पॉलिसीत बसत नाही. म्हणून प्रस्ताव अर्जात भिंती कशाच्या, छप्पर कशाचं, हे खरं तेच लिहा. मातीच्या भिंतींना ‘पक्कं बांधकाम’ लिहून एजंट काम उरकत असेल, तर त्याला थांबवा, कारण त्याच ओळीवर पुढे दावा अडतो. आणि मृगाआधी घर शाकारून झालं की चारी भिंतींचे, छपराचे फोटो तारखेसह काढून ठेवा. घर धड होतं हे दाखवायला तेवढा पुरावा हाताशी असावा.

चोरीबद्दलही गैरसमज आहे. मूळ भारत गृह रक्षात नुसती घरफोडी येत नाही. आग किंवा पुरासारखी विम्यात बसणारी घटना घडली आणि त्यानंतर सात दिवसांच्या आत घरातून चोरी झाली, तरच ती धरतात. घरफोडीसाठी वेगळं संरक्षण जोडून घ्यावं लागतं. सोनं-नाणंही आपोआप येत नाही, त्यासाठी दागिन्यांचं ऐच्छिक संरक्षण मागावं लागतं. शॉर्ट सर्किटनं फ्रिज जळाला, तर त्या फ्रिजचे पैसे नाहीत. त्याच ठिणगीनं आग पसरून बाकी घर जळालं, तर त्याचे आहेत.

बेळगावातल्या वडगाव, खासबाग भागातल्या विणकर घरांना एक गोष्ट मुद्दाम सांगायची आहे. खाली माग, वर राहतं घर अशी रचना असेल, तर घराच्या पॉलिसीत माग, सूत, तयार साड्या धरल्या जात नाहीत. तो व्यवसायाचा माल झाला. एका जागेवरची व्यवसायाची मालमत्ता ५ कोटींपर्यंत असेल, तर ‘भारत सूक्ष्म उद्यम सुरक्षा’ नावाची वेगळी पॉलिसी आहे. घराचा विमा घेऊन माग सुरक्षित झाला असं समजणं फार महागात पडेल.

आता खर्च. घराची बाजारभावानं किंमत आणि विम्याची रक्कम यांचा घोळ सगळ्यात जास्त होतो. समजा टिळकवाडीत एक घर ६० लाखांना जाईल. त्यातला मोठा वाटा जागेचा. जागा जळत नाही, वाहून जात नाही, म्हणून तिचा विमा नाही. चटईक्षेत्र १२०० चौरस फूट आणि बांधकामाचा दर २००० रुपये धरला, तर विम्याची रक्कम २४ लाख होते. घरातल्या सामानासाठी याच्या २० टक्के, म्हणजे ४ लाख ८० हजार आपोआप मिळतात, त्याची कमाल मर्यादा १० लाख. त्याहून जास्त सामान असेल तर यादी द्यायची. पॉलिसी एकदम दहा वर्षांपर्यंत घेता येते. दीर्घ मुदतीच्या पॉलिसीत घराच्या विम्याची रक्कम दरवर्षी १० टक्क्यांनी वाढते आणि त्यासाठी जादा हप्ता लागत नाही. हप्ता कंपनी, जागा आणि बांधकामावर ठरतो. अशा घराला तो साधारण वर्षाला काही शे ते दोन-अडीच हजारांच्या घरात बसतो, वर १८ टक्के जीएसटी. इतक्या मोठ्या वास्तूला इतका कमी हप्ता असूनही लोक तो घेत नाहीत, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

कर्जाच्या विम्याचा हप्ता याच्या कितीतरी पट असतो, शिवाय तो डोळ्यांना दिसत नाही. बहुतेकदा तो एकरकमी असतो आणि कर्जातच मिळवला जातो. उदाहरणादाखल, विम्याचा ६० हजारांचा हप्ता ९ टक्के व्याजाच्या, १५ वर्षांच्या कर्जात घातला, तर कर्जाच्या महिन्याच्या हप्त्यात ६०९ रुपयांची भर पडते आणि १५ वर्षांत मिळून सुमारे १ लाख साडेनऊ हजार जातात. दुसरी गोष्ट, संरक्षणाची रक्कम कर्जाबरोबर कमी होत जाते, आणि ती कमी होते सुरुवातीला ठरलेल्या तक्त्याप्रमाणे. व्याजदर वाढून कर्ज लांबलं किंवा हप्ते थकले, तर तक्त्यातली रक्कम आणि खरी शिल्लक यांत फरक पडतो, आणि तो घरच्यांना भरावा लागतो. नवरा-बायकोनं मिळून कर्ज घेतलं असेल, तर विमा दोघांवर आहे की एकावर, हेही तपासा. एकावरच असतो असं पुष्कळदा दिसतं.

म्हणून कर्जाचा विमा वाईट, असं मी म्हणत नाही. कमावता माणूस गेल्यावर घर लिलावात जाऊ नये, ही गरज खरीच आहे. पण माझ्या मते तरुण, तब्येतीनं चांगल्या कर्जदारानं स्वतःच्या नावावर साधा मुदतीचा जीवन विमा (टर्म इन्शुरन्स) घ्यावा. त्याची रक्कम कमी होत नाही, पैसे वारसाच्या हाती येतात आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी विमा तसाच राहतो. बँकेनं सांगितलेल्याच कंपनीचा विमा घ्यायची सक्ती तुमच्यावर करता येत नाही. कुणी तशी अट घातली, तर ती लेखी मागा. जीवन विम्याची पॉलिसी हातात पडल्यापासून ३० दिवसांत परत करता येते, हेही लक्षात असू द्या.

फाइलमध्ये तिसराही एक कागद सापडू शकतो, बँकेनं तारण म्हणून घरावर उतरवलेला आगीचा विमा. हा खरोखर घराचा असतो, पण बऱ्याचदा कर्जाच्या रकमेइतकाच. २४ लाखांच्या बांधकामावर १० लाखांचं कर्ज, तर विमा १० लाखांचा. तो भारत गृह रक्षाचा असेल, तर रक्कम कमी धरली म्हणून दावा प्रमाणात कापत नाहीत. ३ लाखांचं नुकसान झालं तर ३ लाख मिळतील, मात्र क्षेत्रफळ खरं सांगितलेलं हवं. घर संपूर्ण गेलं तर १० लाखांवर काहीच नाही, आणि त्यातलेही आधी बँकेच्या कर्जात वळते होतील. कर्ज फिटल्यावर अनेकजण हे नूतनीकरण सोडून देतात. नेमक्या त्याच दिवसापासून घर पूर्णपणे तुमचं झालेलं असतं.

खेड्यांत आणखी एक अडचण येते. उतारा अजून आजोबांच्या नावावर, घर बांधलं नातवानं, पॉलिसी नातवाच्या नावावर. ज्याच्या नावावर विमा त्याचा त्या वास्तूत कायदेशीर हितसंबंध हवा, नाहीतर दावा अडकतो. वारसा नोंद करून घ्या, ग्रामपंचायतीच्या उताऱ्यावर नाव चढवा आणि मग विमा उतरवा. भाडेकरूला घराचा नाही, पण आपल्या सामानाचा विमा घेता येतो.

नुकसान झालंच, तर ताबडतोब कंपनीला कळवा. सर्व्हेअर येईपर्यंत पडझडीचा ढिगारा हलवू नका. धोका म्हणून हलवावाच लागला तर आधी फोटो आणि व्हिडिओ काढा. राडारोडा हटवण्यासाठी दाव्याच्या २ टक्क्यांपर्यंत आणि वास्तुविशारद, अभियंता यांच्या फीसाठी ५ टक्क्यांपर्यंत वेगळे मिळतात. हे बहुतेकांना माहीत नसतं, म्हणून ते मागितलंच जात नाही. दावा नाकारला तर आधी कंपनीकडे लेखी तक्रार करा. ३० दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर विमा लोकपालाकडे जा. कर्नाटकासाठी त्यांचं कार्यालय बेंगळुरूला आहे. ५० लाखांपर्यंतच्या दाव्यांचा निवाडा तिथे होतो, वकील लागत नाही आणि फीही नाही. कंपनीनं नकार दिल्यापासून वर्षाच्या आत मात्र अर्ज पोचायला हवा.