सैरंध्री (मूकपट, १९२०) आणि मराठवाडा

सैरंध्री : कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा पहिला मूकपट. दिग्दर्शक बाबूराव पेंटर. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या ‘कीचकवध’ (१९०७) या नाटकावर आधारलेला. आज त्याची प्रत उपलब्ध नाही. चित्रपट घडला कोल्हापुरात आणि पहिल्यांदा लागला पुण्यात. तरी मूळ नाटकाच्या नशिबाचा एक धागा औरंगाबादेत (आताचे छत्रपती संभाजीनगर) जाऊन पोचतो.

कथा विराटपर्वातली. अज्ञातवासात द्रौपदी राणी सुदेष्णेची दासी सैरंध्री म्हणून राहते. राणीचा भाऊ कीचक तिच्यामागे लागतो. युधिष्ठिर सबुरीचा सल्ला देतो, तर बल्लव नावाने मुदपाकखान्यात राबणारा भीम रात्रीच्या अंधारात कीचकाचा निकाल लावतो. खाडिलकरांच्या प्रेक्षकाला यातला कीचक म्हणजे व्हाइसरॉय लॉर्ड कर्झन, युधिष्ठिर म्हणजे मवाळ आणि भीम म्हणजे जहाल हे कुणी समजावून सांगावे लागत नव्हते.

२१ डिसेंबर १९०९ रोजी नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात ‘शारदा’ नाटकाच्या वेळी कलेक्टर जॅक्सन यांच्यावर अनंत कान्हेरे यांनी गोळ्या झाडल्या. कान्हेरे शिकायला औरंगाबादला, म्हणजे निजामाच्या मुलखात होते. १९ एप्रिल १९१० रोजी त्यांना ठाण्याच्या तुरुंगात फाशी झाली. त्याच वर्षी ‘कीचकवध’वर बंदी आली. खरे तर खून झाला तो ‘शारदा’ या देवलांच्या सामाजिक नाटकाच्या वेळी. राजद्रोहाचा संशय मात्र खाडिलकरांच्या पौराणिक नाटकावर होता. त्या दिवसांतल्या सरकारी धास्तीत पुराण काय आणि राजकारण काय, फरक उरला नव्हता.

बंदी कायम असतानाच तीच कथा पडद्यावर आली. ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन थिएटरात ‘सैरंध्री’ लागला. कॅमेरा पेंटरांनी सहकारी विष्णुपंत दामल्यांच्या मदतीने स्वतः तयार केलेला होता. कीचक झुंझारराव पवार, भीम बाळासाहेब यादव. पुरुषांनी लुगडी नेसून स्त्री-भूमिका करायच्या त्या काळात यात स्त्रियांनीच कामे केली, हे धाडस आज सहज नजरेआड होते. टिळकांनी पेंटरांना ‘सिनेमा केसरी’ म्हटले ते याच चित्रपटासाठी. कीचकाचे मुंडके धडावेगळे होते ते दृश्य इतके खरे वाटले की प्रेक्षक हादरले आणि सेन्सॉरने ते काढायला लावले. महाभारतातला भीम कीचकाचे हातपाय धडात कोंबून त्याचा गोळा करतो; शिरच्छेद ही पडद्याची सोय होती. बोलता येत नाही म्हटल्यावर नाटकातल्या तळपत्या संवादांची भरपाई अशा दृश्यांनीच करावी लागे.

मराठवाडा तेव्हा हैदराबाद संस्थानात होता. मुंबई सरकारचा हुकूम तिथे आपोआप लागू होत नसे, पण म्हणून मोकळीक होती असे नाही. बंगाली दिग्दर्शक धीरेंद्रनाथ गांगुली यांनी हैदराबादेत लोटस फिल्म कंपनी काढून दरबाराच्या मेहेरबानीने मूकपट केले; १९२४ मध्ये ‘रझिया बेगम’ दाखवल्यावर त्यांनाच निजामाने संस्थानाबाहेर घालवले. इकडे कात्री चाले, तिकडे थेट मर्जी.

आवाज नसलेली चित्रे आणि शेजारी बोलणारा माणूस ही मांडणी मात्र या भागाला नवी नव्हती. पैठण शैलीची चित्रकथी चित्रे कागदावर रंगवून पाठीला पाठ चिकटवलेली असत. कथेकरी एक बाजू दाखवी, प्रसंग सांगून-गाऊन झाला की चित्र उलटवी. विषय रामायण-महाभारताचेच. मूकपटाच्या खेळालाही पडद्यापाशी पेटी-तबला वाजे, आणि दृश्यांमधल्या मजकुराच्या पाट्या वाचता येणारा माणूस त्या न येणाऱ्यांसाठी मोठ्याने वाचे. उर्दू कारभार, मराठी घर आणि सरहद्दीवर तेलुगू-कानडी अशा मुलखात न बोलणारा सिनेमा अडचणीचा नव्हताच. अडचण झाली ती तो बोलायला लागल्यावर.

त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती पटकन पेट घेते आणि न पेटता नुसती ठेवली तरी कुजते. भारतात १,३००हून अधिक मूकपट निघाले. त्यातले पूर्ण-अपूर्ण मिळून मोजकेच हाती आहेत. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये निघाले, तोवर बरेच गेलेले होते. ‘कीचकवध’ची संहिता छापील असल्याने वाचायला मिळते. प्रभात फिल्म कंपनीने १९३३ मध्ये काढलेला ‘सैरंध्री’ हा व्ही. शांताराम यांचा बोलपट असून रंगीत प्रतींचे काम जर्मनीत झाले होते. त्याची माहिती पेंटरांच्या मूकपटाला चिकटवण्याची गल्लत पुष्कळ ठिकाणी आढळते.