पीनट बटर कार्व्हरनं शोधलं का?

‘पीनट बटरचा शोध अमेरिकन कृषिशास्त्रज्ञ जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर यांनी लावला’ ही ओळ मुलांसाठीच्या प्रेरणादायी मजकुरात वर्षानुवर्षं फिरते आहे. ‘एक होता कार्व्हर’ या पुस्तकामुळे मराठी घरांत कार्व्हर आपला माणूस आहे, त्यामुळे ती सहज पटते.

तारखा लावून बघू. दाणे वाटून खायची रीत अमेरिका खंडातल्या मूळ रहिवाशांची, फार जुनी. भाजलेल्या दाण्यांच्या लगद्याचं पेटंट माँट्रियलच्या एका गृहस्थांना 1884 मध्ये मिळालं. कार्व्हर अमेरिकेतल्या टस्कीगीच्या संस्थेत शिकवायला आले 1896 मध्ये. त्यांच्या नावावर तीनच पेटंटं आहेत, सौंदर्यप्रसाधनांचं आणि रंगांची. पीनट बटरचं एकही नाही. पेटंटच्या नोंदी इंटरनेटवर फुकट बघता येतात. त्यांची 1916 ची पुस्तिकाही मिळते. तिच्यात भुईमूग पिकवायचा कसा आणि दाण्यांचे 105 पदार्थ करायचे कसे, हे दिलंय.

मग त्यांचं मोठेपण कशात? सततच्या कापसानं अमेरिकेच्या दक्षिणेतली जमीन निकस झाली होती. गुलामगिरीत जन्मलेल्या या माणसानं गरीब काळ्या शेतकऱ्यांना पटवलं की भुईमूग, चवळी लावा, जमीन सुधारेल. हे मुलांना शेतातच दाखवा. भुईमुगाचा वेल अलगद उपटा, मुळांवर बारीक गाठी दिसतील. एक नखानं फोडा. आतून गुलाबी-लालसर निघाली तर ती हवेतलं नत्र (नायट्रोजन) धरण्याचं काम करतेय. मला तरी बाटलीतल्या लोण्यापेक्षा ही गाठ कितीतरी मोठी वाटते.