लुगदी साहित्याचा वारसा (हिंदी)

लुगदी साहित्य : हिंदी पट्ट्यातील स्वस्त, खपाऊ कादंबऱ्यांचे प्रचलित नाव. लुगदी म्हणजे लगदा; त्यापासून केलेल्या हलक्या कागदावर या कादंबऱ्या छापल्या जात. अलाहाबाद, दिल्ली आणि पुढे मेरठ ही त्यांची मुख्य केंद्रे होती. विक्री रेल्वे स्टेशनवरच्या बुकस्टॉलवर होई, आणि भाड्याने पुस्तके देणारी दुकाने एकेक प्रत अनेकांच्या हाती फिरवीत.

चित्रपटांनी प्रथम यातली कथानके उचलली. गुलशन नंदा यांच्या लेखनावर ‘काजल’ (१९६५), ‘दाग’ (१९७३), ‘झील के उस पार’ (१९७३) असे अनेक चित्रपट निघाले. त्यांच्या ‘कटी पतंग’चे मूळ मात्र विल्यम आयरिश या अमेरिकन लेखकाच्या कादंबरीत सापडते, म्हणजे उसनवारी दुहेरी. वेदप्रकाश शर्मा यांच्या ‘लल्लू’वरून ‘सबसे बडा खिलाडी’ (१९९५) आला. याउलट सुरेंद्र मोहन पाठक यांची विमल या गुन्हेगार नायकाची मालिका चित्रपटाला पेलणारी नाही. ती ४०हून अधिक कादंबऱ्यांतून पुढे सरकते आणि मागचे गुन्हे, मागचे शत्रू पुढच्या भागातही विमलची पाठ सोडत नाहीत. अडीच तासांत यातले काय ठेवायचे?

या धंद्याचा खरा ठसा कॉमिक्सवर उमटला. राजा पॉकेट बुक्समधून राज कॉमिक्स, मनोज पॉकेट बुक्समधून मनोज कॉमिक्स निघाले. वेदप्रकाश शर्मांच्या तुलसी पॉकेट बुक्सनेही तोच मार्ग धरला. वितरक तेच, भाड्याची दुकाने तीच आणि बरेचदा लेखकही तेच. राज कॉमिक्सचा महानायक नागराज १९८६ मध्ये आला; तो कादंबरीकार परशुराम शर्मा यांनी लिहिला. पुढे अनेक वर्षे त्याची चित्रे पुण्याच्या प्रताप मुळीक यांनी काढली.

‘ट्रेडनेम’ ही या व्यवसायातली खास चाल. टोपणनाव प्रकाशकाच्या मालकीचे असे आणि त्या नावाने कोणीही लिही. लेखक बदलला तरी खप टिके. नुकसान लिहिणाऱ्याचे, कारण वाचक त्याला ओळखतच नसे. वेदप्रकाश शर्मांचे केशव पंडित हे पात्र इतके गाजले की दुसऱ्या प्रकाशनाने तेच नाव लेखक म्हणून मुखपृष्ठावर छापले. २०१० मध्ये याच पात्रावर झी टीव्हीवर मालिकाही आली.

अलीकडे लुगदी कादंबरी हाच चित्रपटांचा विषय झाला आहे. ‘मनोरमा सिक्स फीट अंडर’चा (२००७) नायक सरकारी इंजिनिअर आहे आणि त्याची एक रहस्यकादंबरी पडलेली आहे. ‘हसीन दिलरुबा’ची (२०२१) नायिका दिनेश पंडित या काल्पनिक लेखकाची वाक्ये पदोपदी म्हणते, आणि गुन्ह्याचा उलगडाही त्याच्याच पुस्तकातून होतो.

मूळ पुस्तके मात्र झपाट्याने संपत आहेत. लगद्यातील लिग्निन या लाकडाच्या घटकामुळे कागद पिवळा पडतो, मग दुमडताच तुटतो. अनेक प्रतींवर प्रकाशनवर्ष नसते. तेव्हा काळ ठरवताना छापील किंमत आणि मलपृष्ठावरील आगामी कादंबरीची जाहिरात पाहावी लागते. आवरण फाटलेल्या प्रतीत हा दुसरा आधारही उरत नाही.