आधी तीनने भागा

‘सेट गप्प आहे ना, मग फ्रिक्वेन्सी मोकळीच!’ लायसन नुकतंच हाती पडलेल्या हॅमचा, म्हणजे हौशी वायरलेसवाल्याचा, हा लाडका समज. माझाही होता.

मला सिम्प्लेक्ससाठी फ्रिक्वेन्सी हवी होती. सिम्प्लेक्स म्हणजे मध्ये रिपीटर, म्हणजे ऐकलेलं पुन्हा जोरात पाठवणारं केंद्र, नाही. एकाच फ्रिक्वेन्सीवर आळीपाळीने बोलायचं, ऐकायचं. भारतात यूएचएफवर, म्हणजे वरच्या फ्रिक्वेन्सींच्या पट्ट्यात, हौशींच्या वाट्याला ४३४ ते ४३८ मेगाहर्ट्‌झ आहेत. तेव्हा ४३५.००० हा गोल आकडा मी धरून ठेवला होता.

पणजीत आल्तिनोवर मित्र गाडीतल्या व्हीएचएफ (त्याखालचा पट्टा) सेटवरून पर्वरीतल्या एकाशी १४५.००० वर बोलत होता. चार पावलांवर माझ्या हातातल्या सेटमधून त्याचाच आवाज आला, पण फाटलेला. १४५ त्रिक ४३५! आधी तीनने भागायला हवं होतं.

सेटमधला अँप्लिफायर ताकद वाढवताना लहरीचे माथे आणि तळ छाटतो. अशी चपटी लहर म्हणजे मूळ लहर अधिक तिच्या तिप्पट, पाचपट फ्रिक्वेन्सीच्या बारीक लहरी. त्या फिल्टरने अडवायच्या; स्वस्त सेटमध्ये तिथेच काटकसर असते. वर गाडीवरचा अर्ध्या मीटरचा व्हिप (काडीसारखा अँटेना) १४५ ला पाव लहरीचा, तर ४३५ ला पाऊण लहरीचा, म्हणजे तिथेही छान जुळतो. आणि आवाज फाटका का? एफएममध्ये बोलण्यासरशी फ्रिक्वेन्सी साधारण ५ किलोहर्ट्‌झ इकडेतिकडे हलते. तिप्पट झाल्यावर १५. माझ्या सेटची खिडकी तेवढी रुंद नव्हती.

गंमत म्हणजे १४४-१४६ या व्हीएचएफ पट्ट्याच्या तिपटीत आपला अख्खा यूएचएफ पट्टा येतो. मात्र शेजारचे २५-२५ किलोहर्ट्‌झच्या पायऱ्यांवर बोलत असतील, तर तिपटी ७५ च्या पायऱ्यांवर पडतात: ४३४.४७५, मग ४३४.५५०. मधले ४३४.५०० आणि ४३४.५२५ बऱ्यापैकी सुटतात. बऱ्यापैकीच, ती रुंदावलेली तिप्पट काठाला घासतेच.

४३५ च्या वर तर तसंही जपून. ४३५-४३८ हौशी उपग्रहांसाठी आहे; अंतराळ स्थानकावरचा रिपीटर ४३७.८०० वर खाली बोलतो. सुमारे ४०० किलोमीटरवरून येणारा तो क्षीण आवाज आपल्या पाच वॉटपुढे कुठे टिकणार? गाडीच्या नंबराची बेरीज नऊ यावी म्हणून पैसे मोजणारे आपल्याकडे आहेतच. तसल्याच एका गृहस्थांनी हट्टाने ४३५.६०० धरली होती. बेरीज नऊ, जागा उपग्रहांची!

आम्ही ४३४.५२५ वर सरकलो. पर्वरीवाला पहिल्याच हाकेला ‘फाइव्ह नाइन’ म्हणाला, म्हणजे आवाज स्वच्छ आणि जोरदार. मित्र शेजारीच १४५.००० वर बडबडत होता; माझा सेट त्याच्याबाबतीत गप्प.