जनरल थोरात आणि 62 च्या आधीची तीन वर्षं

ऑक्टोबर उजाडला की 1962 च्या चीन युद्धावरच्या पोस्टी फिरायला लागतात आणि त्यात एक प्रश्न हमखास असतोच, थोरातांना लष्करप्रमुख केलं असतं तर? आपल्या कोल्हापूरकडच्या माणसाबद्दल हळहळ वाटणं साहजिक आहे, मलाही वाटते. पण पद कुणाला मिळालं यावर सगळे तुटून पडतात आणि त्या माणसाने 1959 लाच जे लिहून दिलं होतं ते मात्र मागे पडतं, म्हणून थोडं मागून सांगतो.

लेफ्टनंट जनरल शंकरराव पांडुरंग पाटील थोरात, जन्म 1906, मूळचे वडगावचे. सँडहर्स्टमधून 1926 ला कमिशन मिळालं. त्या काळात भारतीय अधिकारी बटालियन सांभाळू शकेल का याबद्दल इंग्रजांच्या मनात शंका असायची, तिला उत्तर मिळालं जानेवारी 1945 मध्ये, ब्रह्मदेशात आराकान किनाऱ्याजवळ कांगॉला. तिथल्या 51 ब्रिगेडच्या तिन्ही बटालियनचे कमांडर भारतीय होते, थोरात, थिमय्या आणि एल. पी. सेन. जपानी लोकांनी धरून ठेवलेली मेलरोज नावाची टेकडी थोरातांच्या पंजाब बटालियनने घेतली, आणि तिघांनाही डीएसओ हे ब्रिटिशांचं लष्करी पदक मिळालं. ही तीन नावं लक्षात ठेवा, पुढे लागणार आहेत.

मग कोरिया, 1953, तिथलं युद्ध थांबल्यावर. मायदेशी परत जायला नकार देणारे साधारण 22,600 युद्धकैदी सांभाळायला भारताची कस्टोडियन फोर्स गेली, तिचे कमांडर थोरात आणि तटस्थ राष्ट्रांच्या कमिशनचे अध्यक्ष थिमय्या. दक्षिण कोरियाचे सिंगमन री आपल्या जमिनीवर भारतीय सैनिकाचं पाऊलसुद्धा पडू द्यायला तयार नव्हते, त्यामुळे आपली माणसं इंचॉनच्या बंदरातून थेट हेलिकॉप्टरने कॅम्पवर न्यावी लागली. तिथे एकदा चिनी कैद्यांनी आपल्या एका मेजरला आत ओढून धरून ठेवलं, तेव्हा थोरात मोजके अधिकारी घेऊन त्या खवळलेल्या जमावात शिरले, आणि पाहुण्याला साधी सिगारेट, चहा तरी विचारा की, असं म्हणाले. वातावरण निवळलं, मेजर सुटला. गोळी चालवली असती तर किती मेले असते याचा विचार करा, मला तर त्यांच्या सगळ्या करिअरमधला हा प्रसंग सगळ्यात मोठा वाटतो.

1957 ला ते ईस्टर्न कमांडचे प्रमुख झाले, हेडक्वार्टर तेव्हा लखनौला. नेफाची, म्हणजे आजच्या अरुणाचल प्रदेशची, सीमा तोवर आसाम रायफल्सकडे आणि परराष्ट्र खात्याकडे होती, ऑगस्ट 1959 मध्ये लाँगजूला चिन्यांशी चकमक झाली आणि मग ती लष्कराच्या गळ्यात आली, ना रस्ते ना पुरेसं सैन्य. ऑक्टोबर 1959 मध्ये थोरातांनी सविस्तर योजना लिहून वर पाठवली. मुद्दा अगदी सरळ होता. मॅकमहोन रेषेवर, म्हणजे थेट सीमेवर, लढायचंच नाही, तिथल्या चौक्या फक्त शत्रू आला हे कळवण्यापुरत्या, खरी फळी मागे बोमडिला, झिरो, आलाँग अशा ठिकाणी, म्हणजे तिथवर येईपर्यंत चिन्यांची रसद लांबते आणि आपली जवळ राहते. वर जास्तीचं सैन्य किती लागेल तेही लिहिलं होतं. तेव्हा लष्करप्रमुख असलेल्या थिमय्यांनी ती योजना संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांच्यापुढे ठेवली, पण चीन हल्ला करेल हेच मेनन यांना पटत नव्हतं. मार्च 1960 ला लखनौमध्ये थोरातांनी लाल किला नावाचा सराव घेऊन आहे त्या ताकदीवर नेफा टिकत नाही हे सगळ्यांसमोर मांडलं, तरी कागद हलला नाही.

थिमय्या 1961 ला निवृत्त झाले, लष्करप्रमुखपदासाठी त्यांची शिफारस थोरातांची होती, नेमणूक जनरल थापर यांची झाली. थापर सीनियर होते हेही खरं, त्यामुळे नुसता सीनियॉरिटीचा वाद घातला तर आपली बाजू लंगडी पडते. थोरातही त्याच वर्षी निवृत्त झाले आणि ईस्टर्न कमांडला आले कांगॉचे तिसरे, एल. पी. सेन. दिल्लीचा हुकूम आता पुढे सरका, चौक्या टाका असा होता, म्हणजे थोरात जे करू नका म्हणत होते नेमकं तेच. 20 ऑक्टोबर 1962 ला सीमेवरच्या नामका चू नदीकाठी आपली ब्रिगेड मोडली, नोव्हेंबरात से ला खिंड आणि बोमडिला चिन्यांच्या हाती गेलं.

युद्ध पेटल्यावर नेहरूंनी थोरात आणि थिमय्या दोघांनाही राष्ट्रीय संरक्षण परिषदेत घेतलं. थोरातांनी आत्मचरित्रात लिहिलंय की नेहरूंनी बोलावून ती योजना पाहिली आणि ही मला आधी का दाखवली नाही असं विचारलं, त्यावर ते उत्तर मेननच देऊ शकतील असं थोरात म्हणाले. मेनन यांना युद्ध चालू असतानाच संरक्षणमंत्रीपद सोडावं लागलं आणि नंतर ते खातं यशवंतराव चव्हाणांकडे आलं.