टॅक्सीतून उतरलेले रेडिओ

अमेरिकेत 2 मीटर (तरंगलांबीच्या) पट्ट्यावरचे हौशी एफएम रेडिओ-संभाषण उभे राहिले ते पोलिसांच्या आणि टॅक्सींच्या गाड्यांतून उतरवलेल्या जुन्या संचांवर. अभियंते डॅनियल नोबल यांनी 1940 साली कनेक्टिकट राज्याच्या पोलिसांसाठी दुतर्फा एफएम यंत्रणा उभारली आणि युद्धानंतर ही पद्धत टॅक्सी, अग्निशमन दल, दुरुस्तीच्या गाड्या अशी सर्वत्र पसरली. वाहिन्या अपुऱ्या पडू लागल्या, तेव्हा रेडिओचे नियमन करणाऱ्या फेडरल कम्युनिकेशन्स कमिशनने त्या अरुंद करायचे ठरवले. परिणामी 1960 च्या दशकाच्या पूर्वार्धापर्यंत व्यावसायिक संचांचे विचलन (आवाजासोबत वारंवारता किती मागेपुढे सरकते ते) 15 किलोहर्ट्झवरून 5 वर आणणे भाग पडले. जुन्या संचांत फेरफार करत बसण्यापेक्षा ते विकून टाकणे अनेकांना परवडले, आणि मोटोरोला व जनरल इलेक्ट्रिकचे धडधाकट संच हॅम मंडळींच्या (परवानाधारक हौशी रेडिओचालकांच्या) हाती स्वस्तात पडले.

संच असे तसे अवजडच: व्हॉल्व्हचा मुख्य भाग गाडीच्या डिकीत, तर चालकापाशी फक्त मायक्रोफोन आणि छोटी पेटी, दोहोंमध्ये जाडजूड केबल. ते साधारण 152 मेगाहर्ट्झच्या वर चालत, त्यामुळे 144 ते 148 च्या हौशी पट्ट्यात आणताना नवे क्रिस्टल (वारंवारता ठरवणारे स्फटिक) घडवून घ्यावे लागत. प्रक्षेपक क्रिस्टलची वारंवारता 24 पट करत असेल, तर 146.94 साठी 6.1225 मेगाहर्ट्झचा क्रिस्टल लागे. मग मीटरच्या काट्यावर नजर ठेवून, प्लास्टिकच्या पेचकसाने एकेका कॉइलचा गाभा फिरवायचा. एवढ्याने भागले नाही तर समांतर कपॅसिटर जोडायचा.

हॅमच्या सामाईक वाहिनीचा 146.94 हा आकडाही त्यातूनच रूढ झाला. टेक्निशियन या वर्गाच्या परवानाधारकांना तेव्हा 147 च्या वर जाता येत नव्हते, आणि त्या मर्यादेत व्यावसायिक पट्ट्याच्या जितके जवळ राहावे तितकी फेरजुळणी कमी. (भारतीय हॅमना ही वारंवारता मिळत नाही, आपला पट्टा 146 लाच संपतो.) माझ्या मते मोठा बदल सवयीत झाला: डायल फिरवत कोणी सापडते का ते शोधणारा हॅम आता ठरलेल्या वाहिनीवर स्क्वेल्च (संकेत नसताना खरखर बंद ठेवणारी सोय) लावून निवांत बसू लागला, आणि म्हणूनच संकेत घेऊन तो पुन्हा प्रक्षेपित करणाऱ्या, डोंगरमाथ्यावरच्या रिपीटरला अर्थ आला.

1970 च्या दशकात तयार जपानी संच आले आणि ही खटपट ओसरली. तरी 1 जानेवारी 2013 पासून व्यावसायिक वाहिन्या 12.5 किलोहर्ट्झवर आणणे सक्तीचे झाले, तेव्हा पुन्हा जुने संच बाजारात आले. या खेपेस पेचकसाऐवजी, संचात वारंवारता भरण्यासाठी, डॉस या जुन्या प्रणालीवर चालणारा संगणक जपून ठेवावा लागला.